गालावरचा वण

रविवार, रात्री साडेअकरा

आठवड्याचे कपडे इस्त्रीला काढले आणि समोर लॅपटॉपवर ‘असुंता स्पिना’ लावला. १९१५ सालचा इटालियन मूकपट. संवाद नाहीत, तेव्हा एकीकडे हात चालू राहील असा हिशोब. कसाबसा एक कुर्ता झाला.

असुंताही नेपल्समधली कपडे धुणारी-इस्त्री करणारीच निघाली! तिचा होणारा नवरा मिकेले खाटीक. पोझिलिपोला तिच्या वाढदिवसाचं जेवण असतं. हा संशयानं तोंड पाडून बसतो, मग तीही चिडून रफाएले नावाच्या जुन्या आशिकाबरोबर नाचते. एवढंच. त्याच दिवशी मिकेले तिचा गाल चिरतो. ह्याला तिकडे ‘स्फ्रेजो’ म्हणत. जीव घ्यायचाच नसतो. ही कुणाची, ते गल्लीला येताजाता वाचता यावं म्हणून चेहऱ्यावर लिहून ठेवायचं.

आणि ही बया कोर्टात त्यालाच वाचवायला खोटं बोलते. “अगं, खरं सांग ना!” मी चक्क ओरडले. आतून आई म्हणाली, “कोणावर ओरडतेस एवढ्या रात्री?”

पुढचं जास्त अवघड आहे. मिकेलेला शिक्षा होतेच. आता तिची धडपड एवढीच, की त्याला आवेल्लिनोच्या तुरुंगात धाडू नये, नेपल्समध्येच ठेवावं, म्हणजे भेटता येईल. कोर्टातला फेदेरिगो ते जमवून देतो, किंमत म्हणून तिलाच मागतो. ती देते. हळूहळू त्याच्यात गुंततेही, तेव्हा तो कंटाळलेला असतो. मिकेले सुटून येतो तेव्हा टेबल मांडलेलं असतं ते फेदेरिगोसाठी. मिकेले त्याला मारून पळतो. पोलीस येतात आणि ती म्हणते, मी मारलं.

ह्या वेळी मला ओरडता आलं नाही.

असुंता झालेली फ्रांचेस्का बेर्तिनी हे सगळं नुसत्या शालीनं करते. कधी खांद्यावर सैल, कधी तोंडापर्यंत घट्ट ओढलेली. गंमत म्हणजे दिग्दर्शक गुस्ताव्हो सेरेना हाच पडद्यावरचा मिकेले. बेर्तिनी पुढे सांगायची की दिग्दर्शन बरंचसं तिनंच केलं होतं. मला ते पटतं, पण माझ्या पटण्याला विचारतो कोण.

आई पाणी प्यायला बाहेर आली, तिला सगळी गोष्ट सांगितली. तिनं नीट ऐकून घेतली.

“मग तो? तो सापडला का नंतर?”

म्हटलं, पिक्चर तिथंच संपतो.