सकाळी हिरवं, दुपारी लाल

मी बेळगावात प्राणिशास्त्र शिकवते आणि उरलेल्या वेळात तळी, डबकी, भाताच्या चिखलात साचलेलं पाणी असल्या ठिकाणचे एकपेशीय जीव बघते. बघते म्हणजे खरंच बघते, काचेवर थेंब टाकून मायक्रोस्कोपला डोळा लावून तासन् तास. बळ्ळारी नाल्याकाठची शेतं, राकसकोपच्या धरणाचा काठ, जांबोटी-कणकुंबीकडे जांभ्या दगडावर पावसात भरणारी डबकी, ही माझी नेहमीची ठिकाणं. घरच्यांना अजून नीट कळलेलं नाही मी नक्की काय करते, आईच्या मते मी "पाण्याचं टेस्टिंग" करते. आणि या टेस्टिंगवाल्या समजुतीमुळेच तो तळ्याचा माणूस माझ्याकडे आला.

गावाचं नाव सांगत नाही, खानापूर रस्त्याच्या बाजूला आहे एवढंच. गावतळं पंचायत मासे सोडायला लिलावानं देते, त्या वर्षी ज्यानं घेतलं होतं तो ठेकेदार. रोहू, कटला सोडलेले, मार्च संपत आलेला, पाणी खाली गेलेलं, आणि एके दिवशी दुपारी तळ्यावर लाल तवंग, चार दिवसांनी मासे पोट वर करून काठाला. शेजारच्या रानातल्या माणसानं त्याच आठवड्यात बांधावर तणनाशक मारलेलं, म्हणजे झालंच, यानं विष टाकलं. त्यात ठेकेदार मराठी आणि तो शेजारी कन्नड, मग पोरांनी मोबाईलवर जे काय चालवलं ते विचारू नका, वास्तविक दोघं एकमेकांच्या घरच्या लग्नात पंगतीला बसलेले. म्हाताऱ्या बायकांचं तिसरंच, गावात लक्ष्मीची यात्रा किती वर्षं झाली नाही त्याचं हे म्हणे.

ठेकेदारानं एका लॅबमध्ये पाणी दिलं होतं. रिपोर्ट माझ्यासमोर टेबलावर आपटला, त्यात लिहिलेलं हिरवं शेवाळ, बाकी काही नाही.

"मॅडम, पैसे खाल्लेत बघा यानी. मी लाल पाणी दिल्तो, हिरवं लिहून दिलंय."

मोबाईलवर फोटो दाखवला. पाणी खरंच लाल, म्हणजे वीटकरी लाल, काठाला दाट आणि मध्ये फाटलेलं. मी विचारलं पाणी भरलं कधी, तर म्हणे दुपारी बाराला. लॅबमध्ये पोचलं कधी? दुसऱ्या दिवशी, बाटली बॅगेत ठेवलेली, बॅग बसमध्ये सीटखाली. तेव्हाच माझ्या डोक्यात एक नाव आलं होतं पण मी बोलले नाही, कारण असं नाव आधी बोलून टाकलं की नंतर डोळ्यांना तेच दिसायला लागतं, हे आमच्या धंद्यातलं जुनं दुखणं आहे. म्हटलं मी येते, पण उजाडायच्या आधी येते, आणि संध्याकाळपर्यंत थांबते.

एमएस्सीचा एक विद्यार्थी सोबत घेतला, कन्नड त्याचं घरचं, माझं बाजारापुरतं. पहाटे अंधारात पोचलो तर तळ्याच्या घाटावर एक आजोबा आधीच बसलेले, "काय करूलाय ओ एवढ्या लवकर, अजून कोण उठूस न्हाई." आम्ही डीओ मीटरची वायर पाण्यात सोडली. डीओ म्हणजे पाण्यात विरघळलेला ऑक्सिजन, कार्प जातीच्या माशांना लिटरला पाच मिलिग्रॅमच्या आसपास तरी असावा लागतो, आणि इथे काठाला दोनच्याही खाली. पहाट म्हणजे सगळ्यात वाईट वेळ असते, रात्रभर पाण्यातले सगळे जीव ऑक्सिजन ओढत असतात आणि तयार करणारं कुणी नसतं, त्यामुळे दुपारी मोजून कुणी "भरपूर आहे" म्हणालं तर त्यावर जाऊ नये.

उजाडलं आणि तळं दिसलं. हिरवं. पूर्ण हिरवं, कुठं लालाचा मागमूस नाही. ठेकेदार तोपर्यंत आला होता, त्याचा चेहरा पडला, म्हणाला रात्रीत साफ केलं की काय कुणी. आणि तिकडून तो रानवाला पण आला, लांबच उभा राहिला, हाताची घडी घालून.

देवळाच्या कट्ट्यावर मायक्रोस्कोप लावला, बॅटरीचा दिवा, ड्रॉपर, स्लाइडचा डबा. फॉर्मालिन मी पिशवीतून काढलंच नाही. नमुना टिकवायला फॉर्मालिन घालतात हे पुस्तकात असतं आणि बऱ्याच जीवांना ते ठीकही आहे, पण माझ्या डोक्यात ज्याचं नाव होतं त्या वर्गातले जीव फॉर्मालिनमध्ये आक्रसून गोळा होतात, पोहायचा शेपटा गळतो, रंग बदलतो, आणि मग ओळखायला हातात राहतं काय तर गोल ठिपके. म्हणून यांना जिवंतच बघायचं, आणि जिथे आहेत तिथेच.

पहिल्या थेंबातच गर्दी. लांबट, एका टोकाला निमुळते, साधारण मिलिमीटरचा दहावा भाग लांबीचे, म्हणजे एकपेशीयांत चांगलेच मोठे. पुढच्या टोकाजवळ केशरी डोळ्याचा ठिपका, तिथूनच निघालेला शेपटा. पोहता पोहता एखादा थांबायचा आणि अंग आक्रसायचा, मध्येच फुगायचा, तो फुगवटा मागे सरकत जायचा, परत लांब व्हायचा. ही हालचाल दिसली की युग्लीनाच्या घराण्यातलं कुणीतरी आहे हे समजतं. आणि हिरव्या अंगाच्या अगदी मध्यात, केंद्रकाच्या आसपास, गडद लाल थेंबांचा गोळा.

विद्यार्थ्यानं विचारलं, मॅम, हिमॅटोकोकस नसेल कशावरून? बरोबर प्रश्न. तेही एकपेशीय, लाल होणारं, दगडातल्या डबक्यात सापडणारं, आणि लाल रंगद्रव्यही तेच, अॅस्टाझॅन्थिन, झिंगा शिजल्यावर लाल होतो ते यानेच. हालचालीवरूनच निकाल लागला होता, हिमॅटोकोकस असलं अंग फुगवत नाही, पण पोराला डोळ्यानं दाखवावं म्हणून कव्हरस्लिपच्या कडेनं आयोडीनचा थेंब सोडला. हिमॅटोकोकस हिरव्या शैवालातला, तो स्टार्च साठवतो, स्टार्चवर आयोडीन पडलं की निळं-काळं होतं. युग्लीना साठवतो पॅरामायलॉन, त्याला आयोडीनचा रंग चढत नाही. आयोडीन आत शिरलं, सगळे तडफडून थांबले, पिवळट तपकिरी झाले, आतले दाणे पांढरेच्या पांढरे. निळं कुठंच नाही. मग मी मनातलं नाव मोठ्यानं बोलले, युग्लीना सँग्विनिया. जर्मनीच्या एरेनबर्गनं १८३०च्या दशकातच याला नाव देऊन ठेवलंय, नवीन काही नाही, पण आपल्या गावच्या तळ्यात समोर दिसला की अंगावर काटा येतो तो येतोच.

आता नाव कळून गावाला काय उपयोग? त्यांचा प्रश्न होता लॅबवाला खोटा की ठेकेदार खोटा. मी ठेकेदाराच्या घरून दोन स्टीलची ताटं मागवली. दोन्हींत एकाच जागचं हिरवं पाणी ओतलं, एक ताट देवळाच्या आत अंधाऱ्या कोपऱ्यात, दुसरं बाहेर उन्हात. ऊन एव्हाना चांगलं वर आलेलं. लोक जमलेले, पीडीओ साहेब, म्हणजे पंचायतीचे विकास अधिकारी, बाइकवरून आले, कुणीतरी उप्पीट आणि चहा आणला आणि आम्ही खात बसलो. अर्धा चहा झाला असेल, एक बारका पोरगा ताटाजवळ उकिडवा बसला होता तो ओरडला. उन्हातल्या ताटात कडेनं लाली धरायला लागली होती. बघता बघता मध्यापर्यंत गेली. आतलं ताट आणून शेजारी ठेवलं, ते हिरवंच. एकच पाणी, सगळ्यांच्या समोर ओतलेलं.

रानवाला तेवढ्यात पुढे आला, वाकून बघितलं आणि म्हणाला, "केंप आत नोड्री." लाल झालं बघा. सकाळपासूनचं त्याचं पहिलं वाक्य, आणि ते त्यानं ठेकेदाराकडे बघूनच म्हटलं.

मग एकेकाला मायक्रोस्कोपमधून दाखवलं. मध्यात गोळा होऊन बसलेले लाल थेंब कडक उजेडात अंगभर कातडीखाली पसरतात, हिरवे भाग आत झाकले जातात, जास्तीच्या उन्हापासूनचा बचाव आहे तो. उजेड कमी झाला की थेंब परत मध्यात. म्हणून तळं दुपारी लाल आणि सकाळी हिरवं, म्हणून बाटली भरली तेव्हा लाल आणि सीटखालच्या बॅगेतून लॅबमध्ये निघाली तेव्हा हिरवी. लॅबवाल्यानं जे दिसलं ते लिहिलं, ठेकेदारानं जे दिसलं ते सांगितलं. माझी तक्रार एवढीच की लॅबमधल्या कुणालाही फोन करून "पाणी लाल होतं म्हणता, किती वाजता?" हे विचारावंसं वाटलं नाही. पण रोज शंभर बाटल्या आल्या की कोण विचारणार, तेही खरंच.

घाटावरच्या आजोबांना हे प्राणी की वनस्पती हे हवं होतं. मी सांगितलं, हिरवा रंग आहे म्हणून वनस्पतीवाले आपला म्हणतात, पोहतो आणि अंग वळवतो म्हणून आम्ही प्राणीवाले आपला म्हणतो, नाव ठेवायचे नियम दोन्हीकडचे लागतात. आणि खरं बघायला गेलं तर दोघांचाही नाही, त्याचे जवळचे नातेवाईक म्हणजे काळा आजार करणारे लिशमानिया वगैरे, हिरवा भाग त्याच्या पूर्वजानं एक हिरवं शैवाल गिळून मिळवलेला. आजोबा म्हणाले, "म्हणजे आमच्या बेळगावागतच की, दोघं आमचं म्हणत्यात आणि ते आपलं तिथंच हाय." हसले सगळे, पीडीओ साहेब पण हसले, ते कन्नडच होते.

हसून झाल्यावर मुद्द्याचा प्रश्न आला आणि तिथे माझी अडचण सुरू झाली. ठेकेदार म्हणाला, "मग मॅडम, ह्यानंच मासे मारलं म्हणून लिहून द्या की."

हा युग्लीना विष तयार करू शकतो हे माहीत आहे. अमेरिकेत मत्स्यतळ्यांतले मासे मेल्यावर शोधलं गेलं, २०१० मध्ये त्या विषाची रचना प्रसिद्ध झाली, युग्लेनोफायसिन नाव दिलं, आणि गंमत म्हणजे ते तिकडच्या फायर अँट मुंग्यांच्या विषाशी मिळतंजुळतं निघालं. पण "करू शकतो" आणि "या तळ्यात केलं" यात फार अंतर आहे. विष ठरवायला मास स्पेक्ट्रोमीटर, म्हणजे रेणू वजनावरून ओळखणारं यंत्र लागतं, ते काय देवळाच्या कट्ट्यावर लावता येत नाही, आणि मेलेले मासे केव्हाच पुरून टाकलेले. शिवाय पहाटेचा डीओ मी स्वतः बघितला होता, नुसत्या गुदमरण्यानंही मासे मेले असतील. आणि तणनाशकाचं काय? तेही मी तपासलेलं नाही, मग "शेजारी निर्दोष" असंही मी लिहू शकत नाही. हे मी दोघांसमोर सांगितलं, आणि दोघंही नाराज झाले. ठेकेदाराला गुन्हेगार हवा होता, रानवाल्याला सर्टिफिकेट. मला खात्री आहे त्या दिवशी मी खोटं सोपं काहीतरी बोलले असते तर जेवायला कोंबडं मिळालं असतं.

जे सांगता येत होतं ते मात्र सगळं सांगितलं. ठेकेदाराच्या गाडीत मोरचुदाची, म्हणजे कॉपर सल्फेटची, पिशवी होती, कुणीतरी दुकानात सल्ला दिलेला, तवंगावर मार म्हणून. मी हात जोडले. मोरचुदानं एका झटक्यात सगळे मरतील, पेशी फुटून आतलं असेल नसेल ते विष पाण्यात येईल, मेलेलं कुजायला लागलं की उरलासुरला ऑक्सिजनही संपेल, म्हणजे जे मासे वाचलेत तेही जातील. त्यापेक्षा तवंग सकाळी काठाला येतो तेव्हा फडक्यानं ओढून काढा, म्हशी धुणं आणि शेणाचं पाणी सोडणं बंद करा, कारण या जिवाला खत भरपूर मिळालं म्हणूनच तो एवढा माजलाय, जनावरांना तवंगाचं पाणी पाजू नका, पहाटेला पंपानं पाणी उडवत ठेवा. वळीव आला की पाणी हलेल, तवंग फुटेल.

दुपारी तळं लाल झालं, फोटोतल्यापेक्षा जास्त. संध्याकाळी ऊन उतरलं तसं परत हिरवं. ठेकेदार आणि रानवाला दोघंही तोपर्यंत थांबले होते, एकाच कट्ट्यावर, मध्ये बरीच जागा सोडून.

पीडीओ साहेबांनी कागद मागितला. मी मराठीत लिहिलं, विद्यार्थ्यानं खाली कन्नडमध्ये: तळ्यात युग्लीना सँग्विनिया हा एकपेशीय जीव मोठ्या प्रमाणात आढळला, उजेडानुसार त्याचा रंग बदलतो हे सर्वांसमक्ष दाखवले, पहाटे ऑक्सिजन माशांना अपुरा होता, मासे नेमके कशाने मेले हे या तपासणीवरून सांगता येत नाही. साहेबांनी शेवटचं वाक्य दोनदा वाचलं, हे काढता येईल का म्हणून विचारलं. नाही म्हटलं. मग पंचायतीचा शिक्का मारून फाइलला लावलं. पोलिसात जायचं ठेकेदारानं सोडून दिलं, लिलावाचे पैसे माफ करा म्हणून त्याचा पंचायतीला अर्ज मात्र गेला, आणि त्याला जोडलेला एकमेव पुरावा म्हणजे माझा तो कागद.