तू की तुम्ही

आज तिसऱ्यांदा भेटलो आणि अजूनही मी त्याला ना तू म्हटलंय ना तुम्ही. कसं जमवते ते माझं मला माहीत, वाक्यातून माणूसच काढून टाकायचा. 'निघणं कधी झालं?' 'ऑफिस लांब पडत असेल ना?' 'मग सुट्टीत काय असतं?' सरकारी पत्रासारखं वाटतं पण खपून जातं. तुम्ही म्हटलं की आपण इंटरव्ह्यू घ्यायला बसलोय असं वाटतं, आणि तू म्हटलं तर हा म्हणायचा, एवढी कधी ओळख झाली आपली! (तोही टाळतोय हे माझ्या लक्षात आलंय, पण ते सोडा.)

सगळ्यात वाईट म्हणजे दोघं एकदम बोलायला लागतो तेव्हा. 'बोल ना' म्हणावं तर त्यातही तू आलाच, म्हणून मी नुसता हात पुढे केला, ट्रॅफिक पोलिसासारखा. तो खरंच थांबला. मग मीही थांबले.

काल रात्री ते ३६ प्रश्न वाचून ठेवले होते, आर्थर ॲरन या मानसशास्त्रज्ञाने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये छापलेले. १२-१२ चे तीन गट, आधी वरवरचे मग हळूहळू आतले, अनोळखी दोघांना पाऊण तासात जवळ आणता येतं का ते बघायला. आयडिया बरी आहे, पण ॲरन साहेबांचं काय जातं, इंग्रजीत एक यू टाकला की काम झालं! तिसरा प्रश्न असा की फोन लावायच्या आधी काय बोलायचं त्याची तालीम करतोस का. आता हा मराठीत विचारायचा कसा? तर मी विचारलं, 'फोन करायच्या आधी काय बोलायचं त्याची प्रॅक्टिस होते का?'

तो म्हणाला, 'कोणाची?'

झालं. मला जे हसू फुटलं ते थांबेचना, आणि तोही हसायला लागला, मग म्हणाला की आज यायच्या आधी आरशासमोर केली होती, पाच मिनिटं, आणि त्यात अगं-तुगं सगळं छान जमलं होतं. कान लाल झाले होते त्याचे.

आत्ता मेसेज आलाय, 'पोचलीस का?' तो शेवटचा स मी किती वेळ बघत बसले होते. आणि मी काय पाठवलं, तर 'हो, पोचले. तिकडे?'

तिकडे!