बसची वेळ बदलून मिळत नाही, तर हायकोर्टात नेमकं काय मागायचं?

केरळमधल्या खासगी बसमालकांचं हे दुखणं एसटीवर वाढलेल्या आपल्याला पटकन कळत नाही. तिथे अनेक मार्गांवर खासगी स्टेज कॅरेज, म्हणजे थांब्याथांब्यावर प्रवासी घेत-उतरवत जाणाऱ्या बस, धावतात आणि त्यांच्या वेळा प्रादेशिक परिवहन प्राधिकरण, म्हणजे आरटीए, मंजूर करतं. पुढची बस 8.05 ला आणि आपली 8.10 ला सुटत असेल, तर थांब्यावरची माणसं पुढचीच उचलते. म्हणून 8.20 साठी अर्ज करायचा. आरटीएच्या सचिवाने ‘टायमिंग कॉन्फरन्स’ बोलावून त्या मार्गावरच्या सगळ्यांना ऐकायचं असतं. ती बैठकच लागत नाही. नव्या परमिटचीही तीच गत: मंजुरी मिळते, पण ‘वेळा ठरण्याच्या अधीन’. गाडीचे हप्ते मात्र सुरू होतात.

मोटार वाहन कायदा, 1988 इथे फारसा कामाला येत नाही. कलम 89 चं अपील आणि कलम 90 ची फेरतपासणी, दोन्ही आदेशाविरुद्ध. आदेशच नसेल तर दाद कशाविरुद्ध मागणार? उरतं संविधानाचं अनुच्छेद 226, म्हणजे हायकोर्टात परमादेशासाठी रिट याचिका. परमादेश म्हणजे अधिकाऱ्याला त्याचं कर्तव्य करायला लावणारा कोर्टाचा हुकूम.

“8.20 ची वेळ द्या” असं मागू नका, वेळ ठरवणं आरटीएचं काम आहे, कोर्ट त्यात पडत नाही. “अमुक तारखेचा अर्ज मला व बाधित बसमालकांना ऐकून इतक्या आठवड्यांत निकाली काढा”, एवढंच मागा. बाधितांचा उल्लेख आपणहून घाला. तो राहिला आणि त्यांना न ऐकताच निर्णय झाला, तर हवी ती वेळ मिळूनही ‘आम्हाला नोटीसच नव्हती’ म्हणत पुढचा बसमालक ती पाडू शकतो.

याचिकेला परमिट, चालू आणि मागितलेलं वेळापत्रक, अर्जाची शिक्क्याची पोच आणि एखादं स्मरणपत्र जोडा. पोच नसली की ‘असा अर्ज आलाच नाही’ हे उत्तर ठरलेलं. प्रतिवादी आरटीए आणि सचिव, दोघेही. अर्जानंतर पंधरवड्यातच कोर्टात धावलात तर विलंब दाखवणार कुठून? तात्पुरत्या परमिटवर गाडी असेल तर मुदत आखूड मागा. कलम 87 खाली ते चार महिन्यांपलीकडे चालत नाही.

कोर्ट सहसा गुणदोषांत न शिरता मुदत घालून देतं. ती बहुधा निकालाची प्रत मिळाल्यापासून मोजतात, आणि गाडी अडते ती इथेच: वकिलाच्या कपाटात पडलेल्या प्रतीने मुदत सुरू होत नाही. प्रत याचिकेसह सचिवाच्या कार्यालयात देऊन पोच घ्या. तरीही हालचाल नसेल तर वकिलामार्फत नोटीस, मग अवमान याचिका, तीही वर्षाच्या आत. सुनावणी घेऊन अर्ज फेटाळला तर मात्र तो अवमान नव्हे. तेव्हा एर्नाकुलमच्या राज्य परिवहन अपील न्यायाधिकरणाकडे फेरतपासणी मागायची, आदेशापासून 30 दिवसांत.