कापलेला परिच्छेद

२५ सप्टेंबर २०१७ च्या पहाटे पत्रकार आणि कादंबरीकार अरुण साधू गेले. सकाळीच वृत्तसंपादकांचा फोन आला, "पान एकची बातमी तूच कर."

कचेरीत पोचल्यावर आधी संदर्भ विभागातलं त्यांचं पाकीट काढलं. आत 'सिंहासन' सिनेमाची कात्रणं आणि २००७ च्या नागपूर साहित्य संमेलनाची, बस. केसरी, इंडियन एक्स्प्रेस, टाइम्स ऑफ इंडिया, स्टेट्समन आणि फ्री प्रेस जर्नलचं संपादकपद, एवढं आयुष्य वर्तमानपत्रांत गेलेल्या माणसाच्या पत्रकारितेचं एकही कात्रण आमच्याकडे नव्हतं. मंत्र्यांची पाकिटं आम्ही फुगेपर्यंत भरतो, आपल्या माणसांची ठेवत नाही. मला याचा राग आला आणि तो अजून गेलेला नाही.

बातमी साडेपाचशे शब्दांची झाली. जन्म परतवाड्याचा, वय ७६, कादंबऱ्या, 'झिपऱ्या', चीन आणि क्युबावरची पुस्तकं, हे सगळं भराभर उतरलं. अडलो ते एकाच परिच्छेदावर. मंत्रालयात फिरणाऱ्या बातमीदाराच्या कानावर दिवसभरात दहा गोष्टी पडतात. छापण्याजोगी त्यातली एखादीच. बाकीच्यांना कागद नसतो, नाव द्यायला कोणी तयार नसतो. साधूंच्या 'मुंबई दिनांक' आणि 'सिंहासन' या कादंबऱ्या मला नेहमी त्या उरलेल्या नऊ गोष्टींच्या वाटतात. त्यांवरच्या जब्बार पटेलांच्या १९७९ च्या 'सिंहासन' सिनेमाच्या शेवटी वेड्यासारखा हसत सुटलेला निळू फुल्यांचा दिगू टिपणीस सगळ्यांना आठवतो. तो पत्रकार आहे आणि त्याला सगळं माहीत आहे, हे मात्र लोक विसरतात. साधू पत्रकारिता सोडून कादंबरीकडे गेले असं मला कधीच वाटलं नाही. बातमीत न मावलेलं त्यांनी कादंबरीत नेलं. हे मी चार वाक्यांत लिहिलं, त्याला संपादकपद जोडलं, आणि पुण्याच्या रानडे इन्स्टिट्यूटमध्ये विभागप्रमुख म्हणून त्यांनी पत्रकारिता शिकवली तेही.

त्याच संध्याकाळी आमच्या मंत्रालय प्रतिनिधीची एका फाइलीची बातमी रोखली गेली. दुजोरा देणारा दुसरा स्रोत नव्हता. निर्णय बरोबरच होता. ती मुलगी काही न बोलता जागेवर जाऊन बसली.

आठ वाजता जाहिरात विभागाची नवी डमी, म्हणजे पानाचा आराखडा, आली. दसरा पाच दिवसांवर, पान एकवर पाव पानाची जाहिरात वाढलेली. साडेपाचशेचे तीनशे करायचे होते. बातमी खालून कापतात, कारण महत्त्वाचं वर असतं असं आपण धरून चालतो. माझा तो परिच्छेद खाली होता. कापला तो आमच्या रात्रपाळीच्या प्रमुखांनी. ते स्वतः रानडेत साधूंच्या वर्गात बसलेले. मी म्हणालो, "सर, यादीतली चार पुस्तकं काढू, हे ठेवू." ते स्क्रीनवरून नजर न हलवता म्हणाले, "वाचकाला पुस्तकं माहीत आहेत रे. डाक आवृत्ती सोडायचीय." बाहेरगावी जाणारी ही आवृत्ती आधी छपाईला जाते. मथळा लागला, "'सिंहासन'कार अरुण साधू यांचे निधन". तीन कॉलमांत नीट बसला.

त्यांना दोष द्यावा की नाही, हे मला आजही ठरवता येत नाही. वेळेवर पान सोडणं हेच त्यांचं काम. पण तो परिच्छेद मी वर का घेतला नाही? पुस्तकांची यादी मीच वर ठेवली होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी डेस्कवर एका वयस्कर वाचकाचा फोन आला. "ते फ्री प्रेसचे संपादक होते ना हो? तुम्ही लिहिलंच नाहीत." मी संगणकावर आदल्या दिवशीची मूळ कॉपी उघडली आणि कापलेला परिच्छेद त्यांना फोनवर वाचून दाखवला. ते शेवटपर्यंत ऐकत होते. मग म्हणाले, "परत एकदा वाचता का, जरा हळू? मी लिहून घेतो."