तुम्ही विचारलंत म्हणून: हातात बांगडी का नाही

परवा सांगलीच्या विश्रामबागेत एका डोहाळजेवणाला गेले होते, तिथं पुन्हा तेच. ओटी भरता भरता एक काकू माझा हात धरून म्हणाल्या, "अगं बाई, भुंडे हात कसे तुझे? मालक आहेत ना घरी?" मालक बाहेर गाडी लावत होते. मी हसले, "ड्युटी असते ओ काकू" म्हटलं आणि पुढं सरकले. पण ड्युटी रविवारी नसते हे काकूंना पण कळतं आणि मला पण. तेरा-चौदा वर्षं झाली हे ऐकतेय, लंकेची पार्वती म्हणून झालं, "नर्स झाली म्हणजे काय रीतभात सोडायची का" म्हणून झालं, जावेनं एकदा सगळ्यांसमोर सोन्याचे बिल्वर आणून दिले की काच नको तर हे घाल. म्हणून आता एकदाच लिहिते, नंतर कुणी विचारलं तर हेच पाठवीन.

आधी सोपं उत्तर. मी मिरजेत इन्फेक्शन कंट्रोल नर्स आहे, म्हणजे वॉर्डावॉर्डात फिरून कोण हात धुतंय, कोण नाही ते लिहून ठेवणारी बाई. मुली मागून 'हातधुणी' म्हणतात ते मला माहीत आहे. कोपराच्या खाली काही नको हा नियम मी केलेला नाही. इंग्लंडच्या सरकारी हॉस्पिटलांत तो २००७-०८ पासून आहे, आणि जागतिक आरोग्य संघटनेनं २००९ ला हात धुण्याचे जे नियम काढले त्यातही अंगठ्या-दागिने टाळा असंच आहे. बांगडीखालचं मनगट धुतलं जात नाही, तिथं ओल राहते, आणि बांगडी स्वतः या पेशंटला टेकते मग त्या पेशंटला टेकते. यात न कळण्यासारखं काय आहे?

पण खरं सांगायचं तर मनगटात काही घातल्यामुळं पेशंटला इन्फेक्शन होतंच असा थेट पुरावा फारसा नाही. हे मी ट्रेनिंगमध्ये पण सांगते, लपवत नाही. आणि मंगळसूत्र मी घालतेच, युनिफॉर्मच्या आत टाकून, मग ते कसं चालतं असं एका नवीन लग्न झालेल्या मुलीनं मला तोंडावर विचारलं होतं, मी तिचा चुडा उतरवायला लावला तेव्हा. रडत होती. मी म्हटलं मंगळसूत्र हाताला नसतं. उत्तर बरोबर आहे. तिला त्या दिवशी त्याचा काही उपयोग झाला नाही.

एक वर्ष मात्र हा प्रश्न कुणी विचारला नाही. २०२० च्या मार्चमध्ये इस्लामपुरात कोरोना निघाला आणि आमच्या कॉलनीतल्या याच सगळ्या बायका मला फोन करून विचारायला लागल्या, बांगड्या काढून धुवायचे का ओ हात, का वर सरकवून चालतंय? काढून, काढून, म्हणून सांगितलं. काढल्या पण. मग कोरोना गेला, बांगड्या परत आल्या, प्रश्न पण परत आला.

तर वर सरकवून. ते तिथूनच आहे सगळं.

२०११ चा श्रावण. तेव्हा मी एका खासगी हॉस्पिटलच्या एनआयसीयूत, म्हणजे नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात होते, नाव सांगत नाही. माहेर शिराळ्याकडचं, म्हणजे पंचमी किती मोठी ते सांगायला नको, लग्नानंतर पंचमीला गेले नाही असं एकही वर्ष नव्हतं. आईनं कासाराकडून दोन्ही हातांत डझन डझन हिरव्या बांगड्या भरल्या आणि दुसऱ्या दिवशी मी नाइटला हजर. एनआयसीयूच्या दारावर बोर्ड होता, घड्याळ अंगठी बांगड्या काढा, कोपरापर्यंत धुवा. आम्ही सगळ्याजणी काय करायचो तर बांगड्या कोपराकडं सरकवायच्या, वरून मायक्रोपोरची चिकटपट्टी, त्यावर गाऊन. इन्चार्ज सिस्टर पण तेच करायच्या. कुणाला त्यात काही वाटायचं नाही, मला पण नाही.

त्या रात्री आम्ही दोघी आणि नऊ बाळं. हे मी नेहमी आधी सांगते, कारण मला ते सांगितल्याशिवाय पुढचं सांगवत नाही. हिशोब करून बघा, एका नर्सकडं पाच बाळं, प्रत्येकाला तासात दहादा हात लागतो असं धरलं आणि दरवेळी हँडरबला, म्हणजे हात चोळायच्या जंतुनाशकाला, तीस सेकंद, तर तासातली पंचवीस मिनिटं नुसते हात चोळण्यात जातात. जिनिव्हाच्या हॉस्पिटलमध्ये, जिथं या विषयाची जगातली माणसं बसतात, तिथं १९९४ ला हात स्वच्छ करायचं प्रमाण ४८ टक्के होतं, तीन वर्षं मोहीम राबवून ते ६६ वर गेलं. म्हणजे मोहिमेनंतरही तिसरा हिस्सा राहतोच. मग आम्ही दोघी नऊ बाळांत काय करणार होतो?

पण हँडरबची बाटली भरलेली होती. बाळाला ऊब देणाऱ्या प्रत्येक वॉर्मरला एक, त्या महिन्यातच नवीन आलेल्या. बाटली रिकामी होती असं सांगितलं असतं तर कुणी तपासलं नसतं.

साडेतीनच्या सुमारास मी सात नंबरच्या बाळाचा डायपर बदलत होते, ग्लोव्हज घालून. त्याचं कल्चर, म्हणजे जंतूंची तपासणी, पाठवलेलं, रिपोर्ट यायचा होता. तेवढ्यात चार नंबरचा मॉनिटर ओरडला. जतकडच्या बाईचं बाळ, तेराशे ग्रॅमचं, श्वास थांबलेला, निळं पडायला लागलेलं. मी ग्लोव्हज काढून टाकले, चार पावलात तिकडं, तळपायाला टिचक्या मारल्या, पाठ चोळली, घेतला बिचाऱ्यानं श्वास. वाकले तेव्हा पट्टी सुटली आणि उजव्या हाताच्या सगळ्या बांगड्या खळकन मनगटावर आल्या, त्याच्या पोटावर टेकल्या. तो आवाज मला अजून येतो.

आता इथं माझं माझ्याशीच भांडण आहे. बाळ निळं पडलंय आणि मी तीस सेकंद हात चोळत बसू का? नाही, कुणीच बसणार नाही, आज मी ऑडिट करत असते तर मी पण लिहिलं नसतं. पण बाळ गुलाबी झालं त्यानंतरचं काय? तेव्हा वेळ होता. ग्लोव्हज म्हणजे हात धुणं नव्हे, त्याला बारीक भोकं असू शकतात, काढताना हाताला लागतंच, हे मला नर्सिंगच्या, जीएनएम कोर्सच्या पहिल्या वर्षापासून पाठ होतं. बाटली माझ्या कोपराशी होती. आणि मी त्याच हातानं त्याची शिरेतली आयव्ही लाइन धरली, कॅप काढली, नळीत सलाइनचा फ्लश दिला, परत सातकडं गेले, डायपर अर्धवट राहिला होता ना.

तिसऱ्या दिवशी सातचा रिपोर्ट आला, क्लेबसिएला नावाचा जंतू. त्याच दिवशी चारला दूध पचेना, पोट फुगलं, अंगावर संगमरवरासारख्या रेषा. एनआयसीयूत काम केलेल्यांना पुढचं सांगायला नको. मी घरी गेले, मोरीत बसून साबण लावून बांगड्या काढायला लागले. आत्या, म्हणजे आमच्या सासूबाई, दारात उभ्या. "पंचमीचा चुडा आहे, सवाष्णीनं असा उतरवू नये, निदान एकेक तरी ठेव." मी ऐकलं नाही. तेवीस निघाल्या, एक वाढली. आपल्यात बांगडी फुटली म्हणत नाहीत, वाढली म्हणतात. लॅबवाले पण प्लेटवर जंतू उगवले की ग्रोथ आहे म्हणतात, वाढ. तेव्हा असलं काही सुचलं नव्हतं, नुसतं रक्त येत होतं अंगठ्याला.

चार नंबर सहाव्या दिवशी गेलं. कोलिस्टिनपर्यंत, म्हणजे अगदी शेवटच्या अँटिबायोटिकपर्यंत गेलो होतो. त्याच्या कल्चरला पण क्लेबसिएला, आणि एस-आरचे रकाने, म्हणजे कुठलं औषध त्या जंतूला लागू पडतं, कुठलं नाही ते, सातच्या रिपोर्टसारखेच, ओळीला ओळ. मी दोन्ही कागद शेजारी ठेवून पाहिले आणि परत फाइलला लावले. सात वाचलं, आता आठवी-नववीत असेल.

मग मीटिंग, मग जंतू तपासायला सगळ्यांच्या हातांचे स्वॅब. माझा स्वॅब आला नो ग्रोथ. येणारच, मी तीन दिवस कातडी निघेपर्यंत हात धूत होते आणि बांगड्या डब्यात होत्या. सिंकच्या जाळीवर मात्र क्लेबसिएला सापडला. सगळ्यांनी सुटकेचा श्वास सोडला, प्लंबर आला, पाइप बदलला, मिनिट्समध्ये सिंक असं लिहिलं गेलं. मी तोंड उघडलं नाही. आणि सिंक नसेलच असंही नाही! रकाने जुळले म्हणजे तोच जंतू असं ठरत नाही, त्याला जनुकं तपासावी लागतात, ती कोण तपासणार होतं. असल्या नाजूक बाळात तो बाळाच्या स्वतःच्या आतड्यातूनही रक्तात जाऊ शकतो. हे सगळं मी नंतर वाचून वाचून शोधलं, आणि हे मी ज्ञानासाठी वाचत नव्हते हे मला वाचतानाच कळत होतं.

प्रत्येक ट्रेनिंगला सेमेलवाइस या डॉक्टरची गोष्ट सांगावी लागते. व्हिएन्नाचा बाळंतपणाचा वॉर्ड, १८४७, मडी चिरून आलेले डॉक्टर तसेच बाळंतिणींना तपासायचे, यानं क्लोरीनच्या पाण्यात हात धुवायला लावले आणि मरणं धाडकन खाली आली. सगळे ही गोष्ट डॉक्टरांनी त्याचं ऐकलं नाही म्हणून सांगतात. मी दुसऱ्या कारणासाठी सांगते. त्यानं स्वतः लिहून ठेवलंय की माझ्यामुळं किती बायका अकाली गेल्या ते देवालाच माहीत. छापून, नावानिशी. मी ही गोष्ट शंभर वेळा सांगितली असेल आणि प्रत्येक वेळी इथं येऊन पुढची स्लाइड लावते.

मग आता तरी घाल की, सुट्टीच्या दिवशी, लग्नाकार्यात, तिथं कुठं पेशंट आहेत, असं हे पण म्हणतात. बरोबर आहे. नियमानं काही अडचण नाही. म्हणूनच ड्युटी हे उत्तर खोटं आहे.

हा प्रश्न मला पहिल्यांदा विचारला तो त्या जतच्या बाईनं. चौथ्या दिवशी, वाटीत दूध काढून घेऊन आली होती, आम्ही घ्यायचो फीड बंद असलं तरी, दूध सुटू नये म्हणून. पहिल्या दिवशीच तिनं माझ्या बांगड्या बघून ठेवल्या होत्या. "सिस्टर, हात मोकळं का ओ? बांगड्या?" मी म्हटलं, वाढल्या. ती म्हणाली, "असू द्या. पोरगं घरी गेलं की मी भरते तुम्हाला, आमच्या बाजारातल्या. कितीच्या लागतात?" मी माप सांगितलं. सांगितलं मी तिला.

रविवारच्या बारशाला मी येतेय. कासार बोलावलाय म्हणालात, सगळ्यांना भरणार आहात. ओटी भरा, गजरा द्या, माझं माप तेवढं विचारू नका. तेव्हा दोन-चारच्या यायच्या, आता कितीच्या लागतात कोण जाणे.