तुम्ही विचारलंत म्हणून: पाण्याचं भ्या

गावाकडं आलो की पारावर, लग्नात, एसटीत हमखास प्रश्न येतो, "चौदा दिवस भर समुद्रात! भ्या वाटत न्हाई व्हय रं पाण्याचं?" वाटतं. पण कृष्णेच्या पाण्याचं. मी भिलवडीचा आहे.

मी काम करतो ते मुंबई हाय, म्हणजे समुद्रातलं तेलक्षेत्र, किनाऱ्यापासून दीडशेहून जास्त किलोमीटर आत आहे. गावात अजून "बोटीवर आहे" म्हणतात, पण आमचा प्लॅटफॉर्म, म्हणजे तेल काढायचा मंच, तरंगत नाही. त्याचे लोखंडी पाय समुद्राच्या तळात ठोकलेले आहेत. खाली पावसाळी लाटा आपटतात तरी जेवणाच्या टेबलावरची आमटी सांडत नाही.

आम्ही भितो ते गॅसला. विहिरींतून तेल, वायू, पाणी एकत्रच वर येतं. सेपरेटरमध्ये ते वेगळं होतं आणि तेल समुद्रतळाच्या पाइपातून उरणला जातं. माझी बारा तासांची ड्यूटी म्हणजे प्रेशर बघणं, लेव्हल बघणं आणि पंपाचा आवाज ऐकणं. आवाज जरा बदलला की हातातला चहा तिथंच राहतो. २७ जुलै २००५ ला एका जखमी माणसाला सोडायला आलेलं जहाज राइझरला, म्हणजे गॅसच्या उभ्या पाइपाला, धडकलं. मुंबई हाय नॉर्थ हा प्लॅटफॉर्म जळून गेला, २२ माणसं गेली. आमच्याकडं वेल्डिंगची एक ठिणगी पाडायची तरी आधी परमिट लागतं. त्याला कुणी कागदी घोडे म्हटलं तर मला राग येतो.

प्रत्येकाच्या नावाचं एक कार्ड असतं. सायरन झाला की आपल्या लाइफबोटीपाशी पळायचं आणि ते कार्ड एका फळ्यावरून काढून दुसऱ्यावर लावायचं. एका सरावाच्या ड्रिलला नव्या पोराचं कार्ड हललंच नाही. रात्रपाळी करून कानांत बोळे घालून झोपला होता. शोधायला गेलेली माणसं त्याला घेऊन येईपर्यंत कुणी शब्द बोललं नाही, सगळे त्या एका कार्डाकडं बघत उभे.

२०१९ च्या ऑगस्टात भिलवडीत पाणी शिरलं तेव्हा मी ड्यूटीवर होतो. म्हशींची दावी सोडून दिली एवढं कळलं, मग घरचा फोन बंद. दोन दिवसांनी चुलतभावाशी बोलणं झालं. तो छावणीत, तिथं पोचलेल्यांच्या भिंतीवरच्या यादीसमोर उभा होता. म्हटलं, वाच. तो एकेक नाव वाचत गेला. आईचं सतरावं होतं.