नकाशाची वरची बाजू

भूगोलाच्या तासाला भिंतीवर टांगलेल्या नकाशाने आपल्या शाळेच्या अनेक पिढ्यांच्या मनात एक समजूत रुजवली: उत्तर म्हणजे वर. सुवर्णमहोत्सवाच्या निमित्ताने तिच्याबद्दलच लिहितो.

आपली भाषा तर पूर्वेला तोंड करून उभी आहे. पूर्व समोरची, पश्चिम मागची, दक्षिण उजवी. प्रदक्षिणेत देव उजव्या हाताला राहतो, तो याच अर्थाने. मध्ययुगीन युरोपातल्या ख्रिस्ती जगाच्या नकाशांतही बहुधा पूर्व वर असे आणि मधोमध जेरुसलेम. अरब भूगोलज्ञ अल्-इद्रिसीने ११५४ मध्ये सिसिलीच्या राजासाठी केलेल्या नकाशात दक्षिण वर आहे.

होकायंत्रामुळे उत्तर वर गेली, असे सर्रास सांगतात. ते पटत नाही. चिनी लोक होकायंत्राला ‘दक्षिणदर्शक’ म्हणत, तरी ११३६ साली त्यांनी दगडावर कोरलेल्या नकाशात उत्तर वरच आहे. युरोपात खरे वजन पडले ग्रीक भूगोलज्ञ टॉलेमीचे. दुसऱ्या शतकातला त्याचा भूगोलाचा ग्रंथ पंधराव्या शतकाच्या आरंभी लॅटिनमध्ये आला, १४७७ मध्ये बोलोन्यात नकाशांसह छापला गेला. त्या नकाशांत उत्तर वर होती. पुढे नकाशाकार मर्केटरच्या १५६९ च्या जगाच्या नकाशानेही तीच मांडणी ठेवली.

थोडक्यात, ‘वर’ हा कागदावरचा संकेत; दिशा जमिनीवर असते. म्हणून माझी विनंती: शाळेने एक नकाशा पटांगणात आखावा, जमिनीवरच्या खऱ्या उत्तरेशी जुळवून. सपाट जागी एक मीटरची काठी ओळंब्याने सरळ रोवा. तिच्याभोवती सव्वा मीटर त्रिज्येचे वर्तुळ फक्कीने काढा. सकाळी सावलीचे टोक वर्तुळात शिरते तिथे खूण करा, दुपारनंतर बाहेर पडते तिथे दुसरी. पहिली खूण पश्चिमेची, दुसरी पूर्वेची. त्या जोडणाऱ्या रेषेला काटकोनात उत्तर-दक्षिण. काठी कलली किंवा जमीन उतरती असली, तर रेषा चुकते.

घड्याळातल्या बाराच्या सावलीवर विसंबू नये. पुण्याच्या रेखांशावर मध्यान्ह, म्हणजे सूर्य सर्वांत उंच असण्याची वेळ, साधारण बारा पस्तीसला होते, ऋतूनुसार पाव तास मागेपुढे. शिवाय मेच्या मध्यापासून जुलैअखेरपर्यंत सूर्य आपल्या डोक्याच्या उत्तरेकडून जातो, आणि मध्यान्हीची सावली दक्षिणेला पडते. त्या दिवसांत तिलाच उत्तर मानले, तर अख्खा नकाशा उलटा आखला जाईल.